‘द्यायची नाही’ हे कुठे सांगायचं?

१८९४ च्या भूसंपादन कायद्याचं चोविसावं कलम म्हणजे एक यादी आहे. जमिनीचा मोबदला ठरवताना कोर्टाने कोणत्या गोष्टींकडे लक्ष द्यायचं नाही, याची यादी. त्यात दुसऱ्या क्रमांकावर जे लिहिलंय त्याचा साध्या मराठीत अर्थ असा: ज्याची जमीन जाते आहे त्याला ती द्यायची इच्छा नाही, ही बाब कोर्टाने हिशेबात धरू नये.

मी मूळ इंग्रजी कलम फोनवर झूम करून दोनदा वाचलं. तसंच आहे.

थोडा विचार केला की यामागचा तर्क कळतो. जमिनीची किंमत काढायची तर ती बाजारभावाने काढावी, मालकाच्या नाखुशीमुळे भाव वाढू नये, एवढंच कायद्याला म्हणायचंय. ठीक. पण मग मला दुसराच प्रश्न पडला. या कायद्यात एकूण पंचावन्न कलमं आहेत. त्यातल्या कुठल्या कलमात त्या माणसाला ‘मला द्यायची नाही’ असं सांगता येतं? मोबदल्याच्या वेळी नाही, तर आधी कधी? मी सगळी कलमं चाळली. १९२१ साली हा कायदा ज्या रूपात लागू होता, त्यात अशी जागाच नव्हती.

१९२१ सालच का, तर मुळशीमुळे.

मुळशी म्हटल्यावर आपल्या वयाच्या लोकांना दोन गोष्टी आठवतात. एक म्हणजे पावसाळ्यातला ताम्हिणी घाट, आणि दुसरी २०१८ चा ‘मुळशी पॅटर्न’. तिसरीही आहे, पण ती मुळशी म्हणून कुणाच्या लक्षात येत नाही: हिंजवडी. मी जिथे रोज लॅपटॉप उघडून बसतो तो आयटी पार्क मुळशी तालुक्यात येतो. तालुक्याच्या पूर्व टोकाला काचेच्या इमारती, पश्चिम टोकाला टाटांचं धरण, आणि मधे पौड, जिथे तहसील कचेरी आहे. धरणाजवळून जाताना गाडी थांबवून फोटो सगळेच काढतात. त्या पाण्यावर उभं राहून शंभर वर्षांपूर्वी कायद्याला एक प्रश्न विचारला गेला होता, हे कळायला मला नोकरीची चार वर्षं लागली. शाळेत ‘सेनापती बापट’ हे एका ओळीचं उत्तर होतं आणि पुण्यात तो एक रस्ता आहे.

आधी धरणाची गोष्ट थोडक्यात. निळा आणि मुळा या नद्यांच्या संगमाजवळ बांध घालायचा, अडवलेलं पाणी पश्चिमेला सह्याद्रीच्या कड्यावरून कोकणात सोडायचं, आणि खाली भिऱ्याला वीज करायची, अशी ती योजना. खोपोलीचं वीजघर १९१५ पासून चालू होतं, भिवपुरीचं काम सुरू होतं. मुंबईच्या गिरण्यांना कोळशाऐवजी पाण्याची वीज हवी होती. त्यासाठी १९१९ मध्ये टाटा पॉवर कंपनी उभी राहिली. इंजिनीअर म्हणून सांगतो, कल्पना देखणी आहे. पूर्वेला वाहणारं पाणी उलटं फिरवून पश्चिमेच्या उतारावर टाकायचं, म्हणजे घाटाची उंची फुकटात मिळते. फक्त ज्या खोऱ्यात हे पाणी साठणार होतं तिथे पन्नासहून जास्त गावं होती, आणि आंबेमोहोर भाताची खाचरं होती.

आता कायदा. सरकारला जमीन हवी असेल तर आधी कलम ४ ची सूचना निघे. मग सरकारची माणसं शेतात शिरून मोजणी करू शकत, जमीन खणून पाहू शकत, खुणेचे चर मारू शकत. तो चर बुजवला तर कलम ४६ प्रमाणे एक महिन्यापर्यंत कैद किंवा पन्नास रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. स्वतःच्या शेतातला खड्डा बुजवल्याबद्दल. मुळशीत पहिली ठिणगी या चरांवरूनच पडली: कंपनीने जमिनी रीतसर ताब्यात येण्याआधीच शेतात चाचणीचे चर खणायला घेतले, अशी शेतकऱ्यांची तक्रार होती.

कलम ४ नंतर कलम ६. इथे या सगळ्या प्रकरणाची किल्ली आहे. अमुक जमीन सार्वजनिक कामासाठी किंवा एखाद्या कंपनीसाठी लागणार आहे, असं ‘लोकल गव्हर्नमेंट’ला वाटलं, की त्याने तसा जाहीरनामा काढायचा. त्या काळात लोकल गव्हर्नमेंट म्हणजे ग्रामपंचायत किंवा नगरपालिका नव्हे. मुंबई इलाख्याचं सरकार. दिल्लीहून पाहिलं तर तेच ‘लोकल’. मुळशीतल्या शेतकऱ्याच्या दृष्टीने ते लंडनइतकंच लांब होतं, पण ते असो.

कलम ६ चं तिसरं पोटकलम सांगतं की एकदा हा जाहीरनामा निघाला, की जमीन त्या कामासाठी हवी आहे याचा तोच निर्णायक पुरावा. ‘निर्णायक’ हा इथे नेहमीच्या बोलण्यातला शब्द नाही. पुराव्याच्या कायद्यात त्याचा अर्थ असा, की त्याविरुद्ध दुसरा पुरावा कोर्टाने ऐकूनच घ्यायचा नाही. आमच्या भाषेत सांगायचं तर ‘हे सार्वजनिक काम आहे का?’ हे तपासणारं फंक्शन लिहिलंय, पण आत कुठलीच तपासणी नाही, थेट ‘ट्रू’ हार्डकोड केलंय. कुठलाही इनपुट द्या, उत्तर एकच. कोड रिव्ह्यूमध्ये असं काही आलं तर आपण ते परत पाठवतो. इथे तो देशाचा कायदा होता.

कंपनीसाठी जमीन घ्यायची तर एक जास्तीची पायरी होती, हे मान्य करायला हवं. कलम ४० प्रमाणे ते काम लोकांना उपयोगी पडण्यासारखं आहे, अशी सरकारची खात्री पटायला हवी आणि कलम ४१ प्रमाणे कंपनीने सरकारशी करार करायला हवा. पण खात्री कुणाची पटायची? सरकारची. ज्याला जमीन घ्यायची घाई, त्याचीच.

त्यापुढचं काम कलेक्टरचं. नोटिसा तोच काढणार, हक्कदार कोण आणि किती ते तोच ऐकणार, मोबदल्याचा निवाडा तोच देणार. ताबा घेताना कुणी आडवं आलं, तर कलम ४७ प्रमाणे मॅजिस्ट्रेट या नात्याने जबरदस्तीने ताबा मिळवून देणारही तोच. त्याच्या निवाड्याला न्यायनिवाडा समजायचं का, हा वाद कलकत्त्याच्या एझ्रा नावाच्या जमीनमालकाने थेट लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपर्यंत नेला होता. १९०५ मध्ये उत्तर आलं: नाही, कलेक्टर हा सरकारचा प्रतिनिधी आहे आणि त्याचा निवाडा म्हणजे सरकारने मालकापुढे ठेवलेला देकार. निदान प्रामाणिकपणे सांगितलं. फक्त हा देकार नाकारता येत नव्हता. नाकारला तरी जमीन जायचीच.

मग कोर्ट होतं कुठे? होतं. कलम १८ मध्ये. निवाडा पटला नाही, तर हजर असणाऱ्याने सहा आठवड्यांच्या आत अर्ज करायचा, म्हणजे कलेक्टर प्रकरण जिल्हा कोर्टाकडे पाठवणार. तिथे चार गोष्टींबद्दल भांडता येई: मोजणी बरोबर आहे का, रक्कम पुरेशी आहे का, ती कुणाला मिळायची, आणि अनेक हक्कदार असतील तर कुणाला किती. बस्स. म्हणजे किती जमीन गेली, कितीला गेली, पैसे कुणाचे. ‘का गेली’ हा पाचवा प्रश्न यादीत नव्हता.

ही चार प्रश्नांची यादी वरवर निरुपद्रवी वाटते. पण तिने मुळशीच्या लोकांची सरळ दोन गटांत वाटणी केली, आणि माझ्या मते मुळशीच्या इतिहासातली ही सगळ्यात महत्त्वाची गोष्ट आहे. त्या खोऱ्यातली बरीच जमीन कागदोपत्री पुण्यातल्या सावकारांच्या आणि जमीनदारांच्या नावावर होती. ती कसत होते तिथले मावळे, कुळं म्हणून. सावकाराला जमीन म्हणजे खंड आणि व्याज. त्यामुळे तिच्या जागी रोख रक्कम आली तर त्याचं फारसं बिघडत नव्हतं, रक्कम वाढवून मिळाली की झालं. त्याच्यासाठी कलम १८ चं दार अगदी मापाचं होतं. कुळाच्या बाजूने पाहा. कागदावर त्याचा हक्क इतका पातळ, की मोबदल्यात त्याचा वाटा किती यावरच वाद. आणि त्याला हवी होती ती रक्कम नव्हतीच. त्याला ती खाचरं हवी होती. त्याच्या प्रश्नासाठी कोर्टात खिडकीच नव्हती. राजेंद्र व्होरा यांनी मुळशी सत्याग्रहावर जे काम केलंय त्यात ही फूट फार बारकाईने दाखवली आहे: वाढीव मोबदल्यावर तडजोड करायला तयार असणारे एकीकडे, ‘जान किंवा जमीन’ म्हणणारे दुसरीकडे.

आपण हे बहुतेक वेळा स्वभावाचा फरक म्हणून वाचतो, म्हणजे एक गट मवाळ आणि दुसरा जहाल. मला तो आधी कायद्याने पाडलेला फरक वाटतो. ज्याच्या मागणीला कायद्यात रकाना होता तो मवाळ राहू शकला.

आणि एक सापळा होता, कलम २५. कलेक्टरची नोटीस आल्यावर तुम्ही मोबदल्याचा दावाच केला नाही, मुद्दाम नकार दिला, तर पुढे कोर्टात गेलात तरी कलेक्टरने ठरवलेल्या रकमेपेक्षा एक पैसाही जास्त मिळणार नाही. आता ‘जान किंवा जमीन’ अशी शपथ घेतलेल्या माणसाचा विचार करा. तो दावा दाखल करेल? दावा करणं म्हणजे आकडा सांगणं, आणि आकडा सांगणं म्हणजे विकायला तयार असणं. तत्त्वावर ठाम राहिला तर त्याचं चौथं दारही बंद.

मला इथे हायकोर्टाची शंका आली. आज आपण सहज म्हणतो, ‘ऑर्डरला हायकोर्टात चॅलेंज करू’. रिट याचिका हा शब्द बातम्यांमुळे सगळ्यांना माहीत आहे. तेव्हा का नाही केलं? कारण ती सोय संविधानाच्या कलम २२६ ने १९५० मध्ये दिली. त्याआधी मुंबई, कलकत्ता, मद्रास या तीनच हायकोर्टांना सरकारी अधिकाऱ्याला तसा हुकूम देण्याचा अधिकार होता, आणि तोही साधारण त्या शहराच्या हद्दीपुरता. ही हद्द किती पक्की होती ते १९४३ मध्ये मद्रासकडच्या एका प्रकरणात दिसलं. पार्लाकिमेडी जमीनदारीतल्या गावच्या रयतेने खंडवाढीविरुद्ध हायकोर्टात दाद मागितली, तेव्हा प्रिव्ही कौन्सिलने सांगितलं की हायकोर्टाचा हा अधिकार शहराबाहेरच्या रयतेच्या वादापर्यंत पोचत नाही. म्हणजे मलबार हिलवर राहत असाल तर हायकोर्ट तुमचं, आणि मुळशीत राहत असाल तर दिवाणी कोर्टात दावा लावा, त्याआधी सरकारला दोन महिन्यांची नोटीस द्या, आणि मग त्या कोर्टासमोर कलम ६ चा ‘निर्णायक पुरावा’ येऊन उभा राहणारच.

मलबार हिलचं नाव उगाच घेतलं नाही. ‘सार्वजनिक काम म्हणजे काय’ हा प्रश्न कोर्टाने खरोखर ऐकल्याचं त्या काळातलं सगळ्यात गाजलेलं प्रकरण तिथलंच. ईस्ट इंडिया कंपनीच्या काळात भाडेपट्ट्याने दिलेल्या जमिनी सरकारला परत हव्या होत्या, आपल्या अधिकाऱ्यांसाठी घरं बांधायला. पट्ट्यात अट होती की सार्वजनिक कामासाठी जमीन परत घेता येईल. हमाबाई फ्रामजी पेटिट यांचं म्हणणं, साहेबांची घरं हे सार्वजनिक काम कसं? मुंबई हायकोर्टाने या शब्दाची व्याख्या केली: ज्यात काही व्यक्तींचं नव्हे तर समाजाचं सर्वसाधारण हित थेट गुंतलेलं आहे असं काम. १९१४ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने ती उचलून धरली आणि म्हटलं की काम सार्वजनिक आहे की नाही हे ठरवायला सरकार चांगलं परीक्षक आहे, पण शेवटचा शब्द त्याचाच असं नाही. हमाबाई हरल्या. साहेबांची घरं सार्वजनिक ठरली. तरी त्यांचा प्रश्न हिंदुस्थानातल्या आणि लंडनमधल्या न्यायाधीशांनी ऐकला, तोलला, आणि उत्तर दिलं. कारण त्यांचं भांडण पट्ट्याच्या अटीवर होतं, तिथे कलम ६ नव्हतं. नंतर सात वर्षांनी घाटावरच्या शेतकऱ्यांना हाच प्रश्न पडला तेव्हा तो विचारायला टेबलच नव्हतं.

म्हणून ते १६ एप्रिल १९२१ ला, रामनवमीच्या दिवशी, बांधाच्या कामावर जाऊन बसले. हजाराहून जास्त मावळे. मला ही बैठक एखाद्या अर्जासारखी दिसते. जे म्हणणं लिहून देण्याची सोय नव्हती ते त्यांनी शरीराने मांडलं. काम थांबलं. गांधीजींनी ‘यंग इंडिया’तून पाठिंबा दिला आणि टाटांना फेरविचार करायला सांगितलं. कंपनीने सहा महिने काम थांबवण्याचं कबूल केलं. कोर्टात याला तात्पुरती स्थगिती म्हणतात. ती या लोकांनी कोर्टाशिवाय मिळवली.

मुदत संपली आणि काम पुन्हा सुरू झालं. आता सत्याग्रहींची आणि कोर्टाची पहिली भेट झाली, पण आरोपीच्या पिंजऱ्यात. याचंही कायदेशीर गणित साधं होतं. कलम १६ प्रमाणे ताबा घेतला की जमीन कुठल्याही बोज्याशिवाय संपूर्णपणे सरकारची. त्या क्षणापासून तिथे उभा असलेला शेतकरी दुसऱ्याच्या जागेत शिरलेला माणूस. कालपर्यंत त्याचं म्हणणं ऐकायला अधिकार नसलेल्या न्यायव्यवस्थेला आज त्याला शिक्षा द्यायचा पूर्ण अधिकार होता. पुरुष, बाया, पोरं मिळून शंभराच्या वर लोक तुरुंगात गेले. ‘काळ’कर्ते शिवरामपंत परांजपे साठीच्या उंबरठ्यावर होते, तेही गेले.

नेते होते विनायकराव भुस्कुटे आणि पांडुरंग महादेव बापट. पारनेरचे बापट विलायतेला शिकायला गेले होते आणि बॉम्बची कृती घेऊन परतले होते. असा माणूस मुळशीत सत्याग्रह करतो हेच आश्चर्य, आणि लोकांनी त्याला ‘सेनापती’ म्हणायला सुरुवात केली तीही इथूनच. पुन्हा पुन्हा तुरुंगात जाऊन आल्यावर, बांध वर चढताना पाहिल्यावर, डिसेंबर १९२४ मध्ये त्यांनी रुळांवर दगड रचून कामावरची आगगाडी अडवली आणि गोळ्या झाडल्या. सात वर्षांची शिक्षा झाली. सत्याग्रहाचं काय झालं मग, अशी चर्चा तेव्हाही झाली आणि अजून होते. मी त्यात पडत नाही. मला फक्त क्रम दिसतो: हरकतीला जागा नाही, बसले तर अतिक्रमण, पुन्हा बसले तर तुरुंग. त्या क्रमाच्या शेवटी रुळांवर दगड आले.

१९२७ मध्ये भिऱ्याला वीज सुरू झाली.

आता एक तारीख पाहा. १९२३ मध्ये, म्हणजे मुळशीचा लढा चालू असतानाच, केंद्रीय कायदेमंडळाने भूसंपादन कायद्यात एक दुरुस्ती केली: कलम ५-अ. कलम ४ ची सूचना निघाल्यावर हितसंबंधी माणसाने तीस दिवसांत हरकत घ्यायची, कलेक्टरने ती ऐकायची आणि अहवाल सरकारकडे पाठवायचा. या दुरुस्तीच्या उद्देशपत्रिकेत सरकारने स्वतःच लिहिलंय की १८९४ च्या कायद्यात जमीनधारकाला संपादनावर हरकत घेण्याचा हक्क नाही, आणि आलेल्या हरकतींचा विचार करायलाही सरकार बांधील नाही. मुळशीकर बांधावर बसून तीन वर्षं हेच तर सांगत होते. मुळशीमुळेच ही दुरुस्ती झाली असं मी म्हणणार नाही. ती साऱ्या देशासाठी होती आणि मुळशीचं नाव तिच्यात नाही. पण आपल्याकडे ऐकून घ्यायची सोय नव्हती, हा कबुलीजबाब सरकारी छपाईत आहे. मुळशीच्या जमिनींचे जाहीरनामे तोवर निघून गेले होते.

कलम ५-अ आलं तरी कलम ६ चा हार्डकोड तसाच राहिला. स्वातंत्र्यानंतरही. कानपूरजवळ कापडगिरण्यांच्या यंत्रांचे भाग बनवणाऱ्या कारखान्यासाठी उत्तर प्रदेश सरकारने जमीन घेतली, तेव्हा आर. एल. अरोरा नावाचे मालक सुप्रीम कोर्टात गेले आणि डिसेंबर १९६१ मध्ये जिंकले. कोर्ट म्हणालं, कंपनीचं उत्पादन लोकांना उपयोगी आहे एवढ्याने भागत नाही, ज्या कामासाठी जमीन घेता ते कामच लोकांना थेट वापरता आलं पाहिजे. मुळशीचा प्रश्न चाळीस वर्षांनी एका न्यायालयाने मनावर घेतला, असं वाटावं असा हा निकाल. जुलै १९६२ मध्ये सरकारने वटहुकूम काढून कायदाच बदलला, तोही मागच्या तारखेपासून लागू. अरोरा पुन्हा कोर्टात गेले आणि १९६४ मध्ये हरले.

मुळशी तालुक्यातही सरकारी हुकमाला आव्हान द्यायचे दिवस यथावकाश आले. नोव्हेंबर २०१० मध्ये केंद्रीय पर्यावरण मंत्रालयाने लवासाला बांधकाम जिथे आहे तिथे थांबवण्याची नोटीस दिली. वरसगाव धरणाच्या पाण्याकाठचं ते डोंगरातलं शहर. कंपनी लगेच मुंबई उच्च न्यायालयात गेली, कलम २२६ चा आधार घेऊन. तिचा तो हक्कच होता आणि असायलाच हवा. नोटीस कुणालाही आली तरी तिची कायदेशीरता तपासली गेली पाहिजे. पुढे लवासाला मिळालेल्या परवानग्यांविरुद्ध एक जनहित याचिका चालली. फेब्रुवारी २०२२ मध्ये ती निकाली निघाली तेव्हा उच्च न्यायालयाने हस्तक्षेप न करण्याचं एक मोठं कारण दिलं, ते म्हणजे याचिका यायला झालेला उशीर. मुळशीत १९२१ ला दार नव्हतं. आता आहे, पण त्यावर घड्याळ आहे, आणि घड्याळ सगळ्यांना सारखंच दिसतं असं नाही. गॅझेटमध्ये कधी काय छापून आलं हे कंपनीच्या वकिलाला त्याच दिवशी कळतं.

आमच्या हिंजवडीचं काय? औद्योगिक वसाहतींसाठी जमीन घ्यायला राज्याचा वेगळा कायदा आहे, १९६१ चा एमआयडीसी कायदा. त्याच्या कलम ३२ मध्ये आधी मालकाला नोटीस देऊन ‘जमीन का घेऊ नये’ ते विचारावं लागतं. विचारतात हे खरं. ठरवतं सरकारच.

मे २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टाने कोलकाता महापालिकेच्या एका प्रकरणात घराचं दार जरा रुंद केलं. महापालिकेला एका माणसाची जागा बागेसाठी घ्यायची होती. कोर्टाने म्हटलं, मोबदला दिला म्हणजे काम संपलं असं नाही. संविधानाच्या कलम ३००-अ मध्ये मालमत्तेचे सात हक्क आहेत. पहिला, नोटीस मिळण्याचा. दुसरा, ऐकून घेतलं जाण्याचा. तिसरा, कारणांसह निर्णय मिळण्याचा. मोबदला त्यानंतर पाचवा येतो. मला तो क्रम वाचून बरं वाटलं. १८९४ च्या कायद्यात कोर्टापुरता बोलायचं तर तो पहिला आणि शेवटचा होता.

१८९४ चा कायदा आता रद्द झालाय. त्याच्या जागी २०१३ चा कायदा आला, जो १ जानेवारी २०१४ पासून लागू झाला. त्यात खासगी कंपनीसाठी जमीन घ्यायची तर बाधित कुटुंबांपैकी ८० टक्क्यांची आधी संमती लागते, सरकारी-खासगी भागीदारीसाठी ७० टक्के. म्हणजे ‘द्यायची नाही’ हे म्हणायला शेवटी एक रकाना मिळाला, आणि तो अगदी सुरुवातीला आहे. ‘बाधित कुटुंब’ या शब्दाची व्याख्याही प्रशस्त आहे: मालक, कुळं, वाटेकरी, शेतमजूर, जंगलावर आणि पाण्यावर जगणारे, सगळे तिच्यात बसतात. पुनर्वसन त्या सगळ्यांचं.

संमती मात्र कुणाची मोजायची ते कलम २ मध्ये स्वतंत्रपणे लिहिलंय. तिथे व्याख्येतली दोनच पोटकलमं घेतली आहेत, (एक) आणि (पाच). पहिल्यात जमिनीचे मालक आहेत. पाचव्यात सरकारने एखाद्या योजनेत जमीन दिलेली कुटुंबं आहेत. कुळं, वाटेकरी आणि शेतमजूर पोटकलम (दोन) मध्ये आहेत.